आशियाई हत्ती: संचारक्षेत्र, अधिवास आणि संवर्धन – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आशियाई हत्ती आज कुठे कुठे आढळतो?

जगातल्या तेरा देशांत: भारत, नेपाळ, भूतान, बांगलादेश, श्रीलंका, म्यानमार, थायलंड, लाओस, कंबोडिया, व्हिएतनाम, चीन, मलेशिया आणि इंडोनेशिया. एके काळी पश्चिमेला टायग्रिस-युफ्रेटिसच्या खोऱ्यापासून पूर्वेला चीनमधल्या यांगत्से नदीच्या परिसरापर्यंत हा प्राणी फिरत होता. ते क्षेत्र सुमारे ९० लाख चौरस किलोमीटर भरत असे. आता ५ लाख चौरस किलोमीटरही उरलेले नाही, आणि जे उरले आहे तेही सलग नाही.

यादीत तेरा देश असले तरी सगळीकडची स्थिती सारखी नाही. चीनमध्ये हत्ती फक्त युन्नान प्रांताच्या दक्षिण टोकाला आहेत, सुमारे ३००. व्हिएतनाममध्ये रानटी हत्ती शंभरच्या आसपास उरलेत. जगातल्या एकूण रानटी आशियाई हत्तींपैकी निम्म्याहून अधिक एकट्या भारतात आहेत, त्यामुळे या प्रजातीचे भवितव्य मुख्यतः इथेच ठरणार आहे.

भारतात त्यांचे चार मोठे प्रदेश आहेत: पश्चिम घाट, ईशान्य भारत, शिवालिक टेकड्या व गंगेचा मैदानी पट्टा, आणि मध्य भारत व पूर्व घाट. कर्नाटक, तमिळनाडू आणि केरळ यांच्या सीमा जिथे भिडतात तो ब्रह्मगिरी-निलगिरी-पूर्व घाटाचा जंगलपट्टा म्हणजे जगातल्या आशियाई हत्तींच्या सर्वांत मोठ्या सलग समूहाचे वसतिस्थान.

आशियाई हत्तीच्या उपजाती किती?

भारतीय (म्हणजे मुख्य भूमीवरील), श्रीलंकन आणि सुमात्रन या तीन सर्वमान्य आहेत. बोर्निओ बेटावरचे हत्ती लहान चणीचे आणि वेगळे असून २०२४ मध्ये आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाने त्यांचे स्वतंत्र मूल्यांकन केले आणि त्यांना ‘संकटग्रस्त’ ठरवले. अंदाजे हजारच शिल्लक आहेत. सुमात्रन हत्ती त्याहून वाईट अवस्थेत आहे. २०११ पासून तो ‘अतिसंकटग्रस्त’ यादीत आहे, कारण त्याचे सखल जंगल तेलमाडाच्या आणि कागदाच्या लगद्यासाठी लावलेल्या झाडांच्या मळ्यांखाली गेले.

२०१७ ला भारतात २९,९६४ हत्ती होते आणि आता २२,४४६ सांगतात. साडेसात हजार हत्ती गेले कुठे?

हे आकडे एकमेकांतून वजा करता येत नाहीत. दोन्ही वेळच्या मोजण्याच्या पद्धतीच वेगळ्या आहेत.

पूर्वी जंगलाचे तुकडे पाडून प्रत्यक्ष दिसलेले हत्ती मोजत, पाणवठ्यावर बसून मोजत, किंवा ठरावीक रेषेवरून चालत जाऊन लिदेचे ढीग मोजत. लिदेवरून संख्या काढायची तर दोन गोष्टी माहीत असाव्या लागतात: हत्ती दिवसाला किती वेळा लीद टाकतो (साधारण १५ ते २० वेळा) आणि ती लीद किती दिवसांत विरते. दुसरी गोष्ट पाऊस, ऊन आणि शेणकिडे यांच्यावर अवलंबून असते. एका जंगलातला विरण्याचा वेग दुसऱ्या जंगलाला लावला की अंदाज कुठल्या कुठे जातो. प्रत्यक्ष मोजणीत तोच कळप दोन वनक्षेत्रांत दोनदा मोजला जाण्याचा धोका असतो, तर दाट सदाहरित जंगलात पंधरा मीटरवरचा हत्तीही दिसत नाही.

२०२१ ते २०२५ या काळातल्या गणनेत लिदेतून डीएनए मिळवून प्रत्येक हत्तीची वैयक्तिक ओळख पटवली. २१ हजारांहून अधिक नमुन्यांतून ४,०६५ वेगवेगळे हत्ती ओळखले गेले. तोच हत्ती पुन्हा किती वेळा सापडतो यावरून एकूण संख्या काढली. २२,४४६ हा मधला अंदाज आहे, खरी संख्या १८,२५५ ते २६,६४५ यांच्या दरम्यान असावी. यात पश्चिम घाटात ११,९३४, ईशान्येत ६,५५९, शिवालिक व गंगेच्या मैदानात २,०६२ आणि मध्य भारत व पूर्व घाटात १,८९१ हत्ती येतात. वाढ झाली की घट, हे यापुढची गणना याच पद्धतीने झाली तरच कळेल. ‘हत्ती घटले’ किंवा ‘आधी फुगवून सांगितले होते’ अशी दोन्ही विधाने आज घाईची आहेत.

हत्तीला नेमके कसले जंगल लागते?

घनदाट जंगल, असे उत्तर बहुतेक जण देतात. ते अर्धेच बरोबर आहे. पूर्ण वाढलेला हत्ती दिवसाला साधारण १५० किलो ओला चारा खातो आणि त्यातला निम्म्याहून कमी पचवतो. हा चारा गवत, बांबू, वेली, झाडांची साल आणि कोवळ्या फांद्या यांतून येतो. उंच झाडांच्या गर्द सावलीत यातले फार थोडे उगवते. म्हणून हत्तीला आवडते ते मिश्र रान: पानगळीचे जंगल, मधेमधे गवताळ माळ, ओढ्याकाठची बांबूची बेटे, दुपारच्या उन्हात उभे राहायला दाट सावली आणि रोज गाठता येईल असे पाणी. दिवसाला शंभर लिटरहून जास्त पाणी त्याला लागते. खारट मातीच्या जागा म्हणजे चाटणही हवे.

पावसाळ्यात कोवळे गवत, उन्हाळ्यात नदीकाठ आणि साल, असा त्याचा आहार ऋतूप्रमाणे बदलतो, आणि आहाराबरोबर जागाही. हत्तिणींच्या एका कळपाचे फिरण्याचे क्षेत्र काही शे चौरस किलोमीटर भरते. निलगिरीच्या परिसरात ते ५५० चौरस किलोमीटरच्या वर गेलेले नोंदले आहे. आपली बहुतेक अभयारण्ये याहून लहान आहेत. म्हणजे अभयारण्याची हद्द आपण कागदावर आखली, तरी बहुतेक ठिकाणी कळप वर्षभर त्या हद्दीच्या आत राहू शकत नाही.

जंगल नकाशावर हिरवे दिसते, तरी आतून उपाशी असू शकते. दक्षिणेतल्या अनेक जंगलांत घाणेरीने जमीन इतकी व्यापली आहे की तिच्याखाली गवत उगवतच नाही. वायनाडमध्ये सेन्ना स्पेक्टाबिलिस या पिवळ्या फुलांच्या परदेशी झाडाने तेच केले. सागाच्या एकसुरी लागवडीतही खायला फार काही नसते. घाणेरी नुसती कापली तर बुंध्यातून दुप्पट फुटते. मुळासकट, फुलायच्या आधी उपटावी लागते, आणि मोकळ्या जागी लगेच स्थानिक गवत रुजवून पुढची काही वर्षे रोपे वेचत राहावे लागते. हे काम पहिल्या वर्षानंतर सोडून दिले जाते आणि तिथेच ते फसते.

‘हत्ती कॉरिडॉर’ म्हणजे काय?

दोन मोठ्या जंगलांना जोडणारी अरुंद वाट. मराठीत भ्रमणमार्ग किंवा संचारमार्ग म्हणतात. हत्तीचा प्रत्येक फिरण्याचा रस्ता कॉरिडॉर नसतो. जिथे दोन्ही बाजूंनी शेती, वस्ती, रस्ता किंवा चहामळा दाबत आला आहे आणि मधली चिंचोळी पट्टी बंद झाली तर दोन समूह कायमचे तुटतील, तिला कॉरिडॉर म्हणतात. २०२३ च्या अहवालात भारतातल्या १५ राज्यांत असे १५० कॉरिडॉर नोंदले आहेत, सर्वाधिक २६ पश्चिम बंगालमध्ये.

वाट बंद पडायला मोठे धरण लागत नाही. एका रिसॉर्टचे कुंपण, रस्त्याकडेची संरक्षक भिंत किंवा खोल सिमेंटचा कालवा पुरतो. हत्तीला उडी मारता येत नाही, त्यामुळे उभ्या कडांचा कालवा पिलासाठी मृत्यूचा सापळा असतो. आसाममध्ये नुमालीगढजवळ देवपहाडच्या वाटेवर बांधलेली दोन किलोमीटरहून लांब भिंत पाडण्याचा आदेश राष्ट्रीय हरित लवादाने २०१६ मध्ये दिला होता. तमिळनाडूतील सिगूर पठारावरचा कॉरिडॉर सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये उचलून धरला. दोन्ही ठिकाणी वर्षानुवर्षे खटले चालले. वाट मोकळी ठेवणे तिच्यावरचे बांधकाम पाडण्यापेक्षा कितीतरी सोपे असते.

केरळमधल्या तिरुनेल्ली-कुद्राकोट कॉरिडॉरमध्ये गावकऱ्यांनी स्वेच्छेने पर्यायी जमीन आणि घरे घेऊन जागा मोकळी केली. वेळ लागला, पण ती वाट आज वापरात आहे. लोकांच्या संमतीशिवाय केलेला कॉरिडॉर कागदावरच राहतो.

जंगल असतानाही हत्ती शेतात का येतो?

भात, ऊस, केळी, मका यांत कमी वेळात जास्त पोषण मिळते. जंगलात जे मिळवायला हत्तीला पूर्ण रात्र चरावे लागते, ते भाताच्या पोटरीतल्या वाफ्यात तासाभरात पोटात जाते. हा धोका पत्करणारे बहुधा नर असतात. नर साधारण दहा ते पंधरा वर्षांचा झाला की कळप सोडतो, आणि अंगाने मोठा व माजावर येण्याइतका सशक्त नरच माद्या मिळवतो. म्हणून पिकावरची चरणी त्याच्या फायद्याची ठरते. पिलांना घेऊन चालणारा कळप शक्यतो टाळाटाळ करतो. कळपच शेतात येऊ लागला, तर जंगलात काहीतरी गंभीर बिघडले आहे असे समजावे: चारा, पाणी किंवा वाट.

सौरकुंपण लावले, तरी हत्ती आत येतात. चूक कुठे होते?

कुंपणाचे तत्त्व साधे आहे. सौरपॅनेल १२ व्होल्टची बॅटरी भरते. एनर्जायझर नावाचे यंत्र त्या बॅटरीतून दर सेकंदाला साधारण एक, ५ ते १० हजार व्होल्टचा झटका तारेत सोडते. तो सेकंदाच्या हजाराव्या भागापेक्षाही कमी वेळ टिकतो, म्हणून झोंबतो पण मारत नाही. बिघाड बहुतेक वेळा पुढीलपैकी एका ठिकाणी असतो.

सर्वांत नेहमीचे कारण गवत. पावसाळ्यात वेली आणि गवत तारेला टेकले की वीज तिथून जमिनीत उतरते आणि पुढच्या टप्प्यात झटकाच पोहोचत नाही. तारेखालची पट्टी पावसाळ्यात दर दोन-तीन आठवड्यांनी साफ करावी लागते. दुसरे, अर्थिंग. झटक्याचे वर्तुळ हत्तीच्या पायांतून आणि जमिनीतून पूर्ण होते. उन्हाळ्यात माती कोरडी ठणठणीत झाली की ते तुटते. अर्थिंगचे गज एकाऐवजी तीन-चार, ओल टिकेल अशा जागी आणि खोल रोवावेत, किंवा झटक्याच्या तारांच्या मधे एक अर्थची तार घ्यावी. तिसरे, बॅटरीत पाणी न घालणे आणि पॅनेलवरची धूळ न पुसणे. रोज संध्याकाळी कुंपणाच्या सर्वांत लांबच्या टोकाला व्होल्टमापक लावून पाहावे. पाच हजारांखाली आकडा आला, तर त्याच संध्याकाळी दोष शोधावा.

चौथी अडचण हत्तीची हुशारी. सुळ्यातून झटका लागत नाही हे टस्कर लवकर शिकतो आणि सुळ्याने तार तोडतो. काही जण खांब ढकलतात, काही वाळलेले झाड तारेवर पाडतात. म्हणून खांबांनाही झटक्याची तार गुंडाळतात, किंवा वरून लोंबत्या तारांचे कुंपण करतात, ज्यात ढकलायला खांब हाताशी येतच नाही.

कुंपणाची जागा यंत्राइतकीच महत्त्वाची. वनहद्दीवर घातलेल्या कुंपणाच्या दोन्ही बाजूंना हत्ती असू शकतात, आणि तिथे रोज लक्ष द्यायला कुणी राहत नाही. श्रीलंकेत गावाभोवती कायमचे आणि भातशेतीभोवती फक्त हंगामापुरते कुंपण, ही पद्धत चांगली चालली. पेरणीला उभे करायचे, कापणीनंतर काढायचे. उरलेल्या धसकटावर हत्ती निवांत चरतात आणि ज्यांचे शेत तेच शेतकरी कुंपण सांभाळतात.

एक गोष्ट कधीही करू नये: घरातल्या किंवा शेतपंपाच्या लाइनवरून तारेत थेट वीज सोडणे. तो गुन्हा आहे. हत्ती मरतो, आणि रात्री बांधावरून जाणारा माणूसही मरतो.

हत्तीरोधक चर, मिरची, मधमाश्या यांचा उपयोग होतो का?

चर साधारण तीन मीटर रुंद, तीन मीटर खोल आणि तळाला अरुंद खणतात. कठीण मुरमाड जमिनीत, उतार नसलेल्या जागी तो टिकतो. जास्त पावसाच्या भागात दोन पावसाळ्यांत बुजू लागतो आणि हत्ती कडेची माती पायाने लोटून उतार करतात. ओढा आडवा आला की तिथे फट राहतेच. कर्नाटकात जुन्या रेल्वेरुळांचे अडथळे उभारले गेले. ते मजबूत आहेत, पण फार महाग.

मिरचीची पूड तेल-ग्रीसमध्ये कालवून दोरीला फासणे किंवा मिरची-शेणाचे कांडे धुमसत ठेवणे काही काळ उपयोगी पडते. पाऊस आला की पुन्हा लावावे लागते आणि हत्ती सरावतात. मधमाश्यांच्या पेट्यांचे कुंपण आफ्रिकेत यशस्वी झाले. आपली सातेरी माशी मात्र शांत स्वभावाची, आणि चारा कमी झाला की पेटी सोडून जाणारी. त्यामुळे आशियातले निकाल संमिश्र आहेत.

माणसांचे जीव वाचवण्यात सर्वांत परिणामकारक ठरते ती आगाऊ सूचना. तमिळनाडूतल्या वालपराईत २०११ पासून हत्तींचा ठावठिकाणा मोबाइल संदेशाने कळवला जातो, आणि मोबाइलवरून चालू होणारे लाल दिवे हत्ती जवळ असल्याचे सांगतात. चहामळ्याच्या पट्ट्यातले बहुतेक मृत्यू अंधारात, हत्ती तिथे आहे हे ठाऊक नसल्याने होत होते. माहिती पोहोचली आणि मृत्यू घटले.

त्रास देणाऱ्या हत्तीला पकडून दूर जंगलात का सोडत नाहीत?

सोडतात, पण फारसा उपयोग होत नाही. श्रीलंकेत रेडिओ कॉलर लावून स्थलांतरित केलेल्या नरांचा अभ्यास २०१२ मध्ये प्रसिद्ध झाला. काही परत निघाले, काही दूरवर भटकत राहिले, थोडेच नव्या जागी स्थिरावले, आणि संघर्ष फक्त एका गावातून दुसऱ्या गावात गेला. केरळमधल्या ‘अरीकोंबन’ या टस्कराला २०२३ मध्ये चिन्नकनालहून पेरियारला नेले. तो तमिळनाडूच्या कंबम शहरात उतरला, आणि जूनमध्ये त्याला पुन्हा पकडून कलक्काड-मुंडनतुराईला न्यावे लागले. माणसे मारणारा ठरावीक हत्ती पकडणे काही वेळा अटळ असते. तो नेहमीचा उपाय मात्र होऊ शकत नाही.

फटाके, मशाली आणि जमाव घेऊन हत्तीमागे धावणे तर सर्वांत घातक. कळप फुटतो, पिले मागे राहतात, हत्तिणी बिथरतात आणि शेजारच्या गावात शिरतात.

महाराष्ट्रात हत्ती कुठून आले?

दोन दिशांनी. २००२ मध्ये कर्नाटकातून तिलारी खोऱ्यातून दोडामार्ग परिसरात हत्ती उतरले. सिंधुदुर्ग आणि कोल्हापूरच्या चंदगड-आजरा भागात तेव्हापासून त्यांचा वावर आहे. दुसरा कळप ऑक्टोबर २०२१ मध्ये छत्तीसगडमार्गे गडचिरोलीत आला, वीसहून अधिक हत्तींचा. मूळ ओडिशा-झारखंडकडच्या जंगलांत खाणी आणि तुटलेल्या वाटा वाढल्यापासून मध्य भारतातले हत्ती पश्चिमेकडे सरकत आहेत. डीएनए गणनेत महाराष्ट्राचा अंदाज ६३ आहे.

नव्या प्रदेशात लोकांना हत्तीची सवय नसते, वनकर्मचाऱ्यांनाही नसते, आणि हत्तीलाही तिथले धोके माहीत नसतात. मध्य प्रदेशात बांधवगडला २०१८ पासून हत्ती राहू लागले. ऑक्टोबर २०२४ मध्ये तिथे एकाच कळपातले दहा हत्ती कोद्र्याचे पीक खाऊन मेले. पिकावरच्या बुरशीमुळे तयार होणारे सायक्लोपियाझोनिक आम्ल त्यांच्या शरीरात सापडले. बुरशी लागलेला कोद्रा गुरांनाही बाधतो. दमट हवेत तो काळवंडलेला दिसला तर वनविभागाला कळवून ते पीक काढून टाकणे बरे.

हस्तिदंतासाठी शिकार थांबली आहे का?

कमी झाली, थांबलेली नाही. आशियाई हत्तीत फक्त नरांना मोठे सुळे येतात, आणि काही नरांना तेही नसतात. त्यांना मखना म्हणतात. त्यामुळे शिकारीचा मार नरांवरच पडतो. केरळच्या पेरियारमध्ये हे प्रमाण १९६० च्या दशकाअखेर सहा माद्यांमागे एक प्रौढ नर असे होते, १९८० च्या दशकाअखेर ते शंभराहून अधिक माद्यांमागे एक नर इतके बिघडले. संख्या वरवर ठीक दिसते आणि जन्म घटतात. हत्तिणीचा गर्भकाळ १८ ते २२ महिन्यांचा, दोन पिलांत चार-पाच वर्षांचे अंतर. एवढ्या सावकाश वाढणाऱ्या प्राण्याची झीज भरून यायला पिढ्या जातात.

रेल्वे आणि वीजवाहिन्यांचे काय?

लोंबकळणाऱ्या तारा आणि वळणावरचे रूळ ही मोठी कारणे आहेत. सोंड उंचावलेला नर पाच मीटरच्या पुढे पोहोचतो. तारा उन्हाने आणि जुनाटपणाने खाली आल्या, किंवा खांबाभोवती मातीचा भराव पडला, की अंतर संपते. ईशान्येत रुळांलगतच्या ऑप्टिकल फायबर तारेतून पावलांची कंपने ओळखणारी ‘गजराज’ यंत्रणा बसवली आहे. तीही लोको पायलटने वेग वेळेत कमी केला तरच कामाची. डब्यांतून रुळांवर सांडलेले धान्य साफ करणे, वळणावरची झुडपे काढून दृष्टी मोकळी करणे, रुळांच्या दोन्ही बाजूंचे उतार सौम्य करणे ही साधी कामे तितकीच मोलाची आहेत.

कायदा काय सांगतो?

वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ च्या पहिल्या अनुसूचीत हत्ती आहे. १९९२ मध्ये केंद्राने हत्ती प्रकल्प सुरू केला. आज ३३ हत्ती राखीव क्षेत्रे आहेत. २०१० मध्ये हत्तीला राष्ट्रीय वारसा प्राणी घोषित केले. राखीव क्षेत्राला राष्ट्रीय उद्यानासारखे स्वतंत्र कायदेशीर संरक्षण मात्र नाही, आणि ही उणीव खाण किंवा रस्त्याचा प्रस्ताव आला की जाणवते.

समोर अचानक हत्ती आला तर?

थांबा, मग हळू मागे सरका. निदान शंभर मीटर अंतर हवे. वारा तुमच्याकडून त्याच्याकडे वाहत असेल तर तुमचा वास त्याला आधीच लागला आहे. कान पसरून, डोके हलवून, माती उडवत थोडे धावून थांबणे ही बहुधा धमकी असते. सोंड आत वळवून, गप्पपणे, सरळ येणारा हत्ती थांबत नाही. गंडस्थळावरून काळसर द्राव ओघळत असेल तर तो माजावर आहे, तिथून वेळ न घालवता निघा. हत्ती ताशी २५ किलोमीटरच्या आसपास धावतो, उतारावरही. ‘उताराने पळा, हत्ती उतरू शकत नाही’ या समजुतीने जीव गेले आहेत. फ्लॅश, हॉर्न, आरोळी काहीच नको. पिलू एकटे दिसले तर त्याच्याजवळ जाऊ नका, आई जवळच असते.

नुकसान झाले तर भरपाईसाठी काय करावे?

पहिल्याच दिवशी वनरक्षकाला किंवा वनपरिक्षेत्र कार्यालयाला लेखी कळवा आणि पोच घ्या. पंचनामा होईपर्यंत पीक काढू नका, पाऊलखुणा पुसू नका. पाऊलखुणेशेजारी मोजपट्टी ठेवून फोटो घ्या. पुढच्या पायाच्या ठशाच्या घेराची दुप्पट म्हणजे साधारण त्या हत्तीची खांद्यापर्यंतची उंची, त्यामुळे हे माप वनविभागालाही हत्ती ओळखायला उपयोगी पडते. सातबारा, आधार आणि बँक पासबुकाच्या प्रती तयार ठेवा. पंचनाम्यात पिकाचे नाव, बाधित क्षेत्र आणि झाडांची संख्या बरोबर लिहिली आहे का हे सही करण्याआधी वाचा. माड, सुपारी, काजू यांची भरपाई झाडागणिक असते आणि बहुतेक दावे याच आकड्यावर अडतात. मनुष्यहानीसाठी केंद्राने डिसेंबर २०२३ मध्ये रक्कम १० लाख रुपये केली. महाराष्ट्रात ती २५ लाख आहे.